एका गार्डची उमेदवारी

नागपूर शहराच्या नैर्ऋत्य अंगास पसरलेल्या प्रताप नगर, त्रिमूर्ती नगर, खामला, स्वावलंबी नगर या वस्त्यांत सरकारी नोकर, प्राध्यापक, बँकेतील कर्मचारी आणि अभियंते यांनी आयुष्यभराच्या मिळकतीतून घरे बांधली, मुले शिकविली, आणि त्या मुलांतील पुष्कळजण पुढे सातासमुद्रापार गेली. ज्या गल्लीतून कोणीच अमेरिकेस गेले नाही अशी गल्ली आज या भागात शोधूनच काढावी लागेल. गेलेल्यांनी तिकडे काय मिळविले याचा हिशेब आपण चोख ठेवतो. पदवी, हुद्दा, पगार, घर, सारे तोंडपाठ असते. परंतु त्या पिढीची तिकडेच वाढलेली मुले कोणत्या उमेदवारीतून घडली याची नोंद आपल्या दप्तरात सहसा सापडत नाही. आणि त्यांची वाट जर शिक्षण, नोकरी, व्यवसाय या ठरीव सडकेवरून न जाता खेळाच्या मैदानावरून गेली असेल, तर तिकडे आपले लक्षही जात नाही.

ऑक्टोबर २०२५ मध्ये अमेरिकेतील स्त्रियांच्या व्यावसायिक बास्केटबॉल संघटनेतील, म्हणजे डब्ल्यूएनबीएतील, सिॲटल स्टॉर्म या संघाने सोनिया रामन यांची मुख्य प्रशिक्षक म्हणून नेमणूक केली. त्या संघटनेत हे पद भारतीय वंशाच्या व्यक्तीकडे जाण्याचा हा पहिलाच प्रसंग होता. रामन यांचे वडील मूळचे चेन्नईचे आणि आई आपल्या नागपूरची. वर्तमानपत्रांनी शिखराची वार्ता दिली हे योग्यच झाले; परंतु मला अधिक मोलाचा वाटतो तो त्या आधीचा दीर्घ आणि अप्रसिद्ध कालखंड, ज्यात एका लहानशा महाविद्यालयाच्या संघात गार्ड म्हणून खेळणारी ही मुलगी, खेळाची शिष्यवृत्ती नाही, प्रेक्षकांची गर्दी नाही, पुढे त्यावर पोट भरेल अशी शाश्वती नाही, अशा स्थितीत त्या खेळाला धरून राहिली. तो कालखंड समजावयाचा तर आधी तो ज्या मुलखात गेला त्या मुलखाची हकिगत सांगितली पाहिजे, कारण बास्केटबॉलचा जन्म, स्त्रियांच्या बास्केटबॉलचा जन्म आणि गार्डच्या कलेचा उत्कर्ष या तिन्ही घटना मॅसॅच्युसेट्स या एकाच लहान राज्यात घडलेल्या आहेत.

त्या राज्याच्या पश्चिम भागात स्प्रिंगफिल्ड या गावी वायएमसीएची शारीरिक शिक्षकांना शिक्षण देणारी संस्था होती, आणि तेथे जेम्स नेस्मिथ नावाचे कॅनडाहून आलेले तरुण अध्यापक काम करीत होते. १८९१ चा हिवाळा. फुटबॉलचा हंगाम सरलेला, बेसबॉलचा हंगाम दूर, आणि अठरा दांडग्या विद्यार्थ्यांचा एक वर्ग बंदिस्त जागेतील ठरावीक कवायतीला इतका विटलेला की आधीच्या शिक्षकांनी त्याच्यापुढे हात टेकले होते. वरिष्ठांनी नेस्मिथ यांना चौदा दिवसांची मुदत देऊन काही नवा खेळ काढण्यास सांगितले. मुदत संपता संपता त्यांनी पीच फळांच्या दोन टोपल्या व्यायामशाळेच्या सज्जाच्या कठड्याला दोन टोकांस ठोकल्या आणि तेरा नियम लिहून भिंतीवर लावले. तो कठडा जमिनीपासून दहा फूट उंच होता. आज जगातील कोणत्याही मैदानावर रिंग दहा फुटांवर असते, ती त्या एका कठड्यामुळे. पहिल्या सामन्यात दोन्ही बाजू मिळून एकच गोल झाला.

त्या तेरा नियमांतील एक नियम या लेखाच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे. चेंडू हाती आलेल्याने धावावयाचे नाही. जेथे झेलला तेथूनच तो सोबत्याकडे द्यावयाचा. चेंडू जमिनीवर आपटीत पुढे नेण्याची, ज्याला ड्रिबल म्हणतात ती, युक्ती मूळ नियमांत नव्हती; चहूबाजूंनी घेरल्या गेलेल्या खेळाडूंनी चेंडू खाली टाकून पुन्हा हस्तगत करण्याचा मार्ग काढला आणि त्यातून ती हळूहळू रूढ झाली. पुढे ज्या खेळाडूला पॉइंट गार्ड म्हणू लागले त्याला या दोन्ही विद्या लागतात. आपल्या टोकाकडून चेंडू वर आणावयाचा, उरलेले चौघे सोबती कोठे आहेत, त्यांच्यापैकी कोणावरचा पहारा ढिला पडला आहे, घड्याळात किती सेकंद उरले आहेत, प्रशिक्षकाने कोणता डाव सांगितला आहे, हे सारे एका दृष्टिक्षेपात ध्यानी घ्यावयाचे, आणि त्या अवधीत हाताखालच्या चेंडूकडे एकदाही पाहावयाचे नाही. नवशिक्या मुलीला गार्ड करावयाचे तर प्रशिक्षक प्रथम तिच्या डोळ्यांकडे लक्ष देतात. मान खाली गेली की शिट्टी, पुन्हा पहिल्यापासून. उजव्या हाताच्या मुलीला डाव्या हाताने तोच चेंडू तितक्याच बेफिकिरीने आपटता येऊ लागेपर्यंत महिनेच्या महिने जातात, आणि या साऱ्या खटाटोपाचे फळ म्हणून बहुधा गुण दुसऱ्याच्या खात्यावर जमा होतो.

स्प्रिंगफिल्डपासून सुमारे वीस मैलांवर नॉर्थॅम्प्टन येथे स्मिथ कॉलेज हे मुलींचे महाविद्यालय आहे. तेथील व्यायामशिक्षिका सेंडा बेरेन्सन या लिथुआनियातून बालपणी बोस्टनला आलेल्या एका ज्यू कुटुंबातल्या, प्रकृतीने स्वतः नाजूक. नव्या खेळाची माहिती वाचून त्यांनी तो आपल्या विद्यार्थिनींना शिकविला आणि २२ मार्च १८९३ रोजी प्रथम वर्ष विरुद्ध द्वितीय वर्ष असा सामना लावला. पुरुष प्रेक्षकांना मज्जाव होता. आरंभी बेरेन्सनबाईंनी चेंडू वर उडविला तो प्रथम वर्षाच्या कप्तान मुलीच्या उंचावलेल्या हाताला असा बसला की तिचा खांदा निखळला. तिला बाजूच्या खोलीत नेऊन सांधा बसविण्यात आला, तिच्या जागी दुसरी मुलगी उभी राहिली आणि खेळ पुढे सुरू झाला. ज्या काळात सुशिक्षित घरातील मुलीने घाम गाळणे हेच अशोभनीय मानले जाई, त्या काळातला हा प्रसंग आहे. खांदा निखळूनही सामना थांबला नाही, या गोष्टीला मी स्त्रियांच्या क्रीडेतिहासात मोठे स्थान देतो.

बेरेन्सनबाईंना मात्र समाजाच्या भीडेखातर नियमांत पुष्कळ तडजोड करावी लागली. मैदानाचे तीन भाग पाडून प्रत्येक मुलीला आपल्या भागाबाहेर पाऊल टाकण्यास बंदी केली गेली, चेंडू हिसकावण्यास बंदी झाली, तो तीनपेक्षा अधिक वेळा आपटण्यासही बंदी झाली. पुढे तिनाचे दोन भाग झाले, परंतु सहा-सहा मुलींच्या त्या खेळात गार्ड म्हणजे मध्यरेषेच्या अलीकडे जखडलेली रक्षक एवढाच अर्थ दीर्घकाळ राहिला. बास्केटवर नेम धरणे तिच्या वाट्याला नव्हतेच. पाच-पाच खेळाडूंनी पूर्ण मैदानावर खेळण्याची पद्धत अमेरिकेतील महाविद्यालयीन मुलींना रीतसर मिळाली ती १९७१ मध्ये. म्हणजे पुरुषांच्या खेळात पॉइंट गार्ड ही संस्था पक्की रुजून दशके लोटली, तेव्हा कोठे मुलींना ती रेषा ओलांडण्याची मुभा मिळाली.

ही विद्या आपल्याकडे आली तीही बव्हंशी त्याच मुलखातून. स्प्रिंगफिल्डला शिकलेले हॅरी क्रो बक यांनी १९२० मध्ये मद्रासला वायएमसीएचे शारीरिक शिक्षण महाविद्यालय स्थापन केले, आणि तेथून शिकून गेलेले शिक्षक इलाख्या-इलाख्यांत पसरले. मुंबईचा धागा त्याहून जुना आहे. बोस्टनच्या मिशनने धाडलेले गॉर्डन हॉल आणि सॅम्युएल नॉट १८१३ मध्ये मुंबई बंदरात उतरले आणि त्यातून अमेरिकन मराठी मिशन उभे राहिले. त्याच मिशनचे क्लिफर्ड मॅनशार्ट यांनी १९२७ मध्ये नागपाड्याच्या गजबजलेल्या श्रमिक वस्तीत नेबरहुड हाऊस उघडले. नागपाडा पुढे बास्केटबॉलचे माहेरघर म्हणून देशभर ओळखला जाऊ लागला, आणि तेथल्याच गल्ल्यांतून आलेले अब्बास मुंतसिर भारताचे कर्णधार झाले व १९७० च्या अर्जुन पुरस्काराचे मानकरी ठरले. विदर्भाला या खेळाच्या इतिहासात एक विलक्षण योगायोग लाभलेला आहे. १९३६ मध्ये अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचे पथक कबड्डी आदी देशी खेळांची प्रात्यक्षिके घेऊन बर्लिनला गेले, त्याच वर्षी त्याच शहरात बास्केटबॉलला ऑलिंपिकमध्ये प्रथम स्थान मिळाले, वृद्ध नेस्मिथ तेथे जातीने हजर होते, आणि उघड्या मैदानावर भर पावसात झालेल्या अंतिम सामन्यात अमेरिकेने कॅनडाचा १९ विरुद्ध ८ असा पराभव केला. चिखलात चेंडू आपटेना. ड्रिबलवाचून, केवळ पासांवर तो सामना खेळला गेला.

आता स्प्रिंगफिल्डहून पूर्वेकडे बोस्टनच्या दिशेने निघावे म्हणजे वाटेत वूस्टर हे गाव लागते. तेथील होली क्रॉस या जेझुइट महाविद्यालयात १९४६ मध्ये बॉब कूझी हा अठरा वर्षांचा विद्यार्थी दाखल झाला. आईबाप फ्रान्सहून आलेले, घरची भाषा फ्रेंच, न्यूयॉर्कमधील बेताची परिस्थिती. शाळेच्या संघातून हा मुलगा एकदा नव्हे, दोनदा वगळला गेला होता. तेराव्या वर्षी झाडावरून पडून त्याचा उजवा हात मोडला. प्लास्टरमध्ये हात असता घरी बसावे तर तो डाव्या हाताने चेंडू आपटीत बसला, आणि हात बरा झाला तेव्हा दोन्ही हात सारखे चालू लागले होते. शाळेच्या प्रशिक्षकाने त्याला पाहून हा डावखुरा आहे काय अशी पृच्छा केली आणि त्याला परत बोलाविले, अशी हकिगत कूझी यांच्या चरित्राच्या प्रत्येक कथनात येते.

होली क्रॉसला स्वतःची धड व्यायामशाळा नव्हती. मोठे सामने बोस्टन गार्डनमध्ये होत. पहिल्याच वर्षी, १९४७ मध्ये, त्या संघाने ओक्लाहोमास ५८ विरुद्ध ४७ असे हरवून राष्ट्रीय विजेतेपद पटकाविले, परंतु कूझीला प्रशिक्षक डॉगी ज्युलियन यांच्याकडून खेळण्यास वेळ थोडा मिळे, आणि दोघांमधील बेबनाव इतका वाढला की कॉलेज सोडून दुसरीकडे जाण्याचा विचार त्या मुलाच्या मनात आला. तो टिकला. जानेवारी १९४९ मध्ये शिकागोच्या लोयोला विद्यापीठाविरुद्धच्या सामन्यात अखेरच्या सेकंदांत गुणफलक बरोबरीत असता चेंडू त्याच्याकडे आला. तो उजवीकडून निघाला, परंतु पहारेकऱ्याने तीच बाजू रोखून धरली होती. कूझीने उजव्या हाताने चेंडू स्वतःच्या पाठीमागून डावीकडे आपटला, डाव्या हाताने तो उचलून रिंगकडे फेकला आणि सामना जिंकला. ही चाल आपण पूर्वी कधी सरावात केली नव्हती, त्या क्षणी दुसरा मार्गच नव्हता, असे त्यांनी पुढे सांगितले. प्रदर्शनाच्या हौसेपोटी नव्हे तर निकडीपोटी जन्मलेली ही चाल आज शाळकरी मुलेही करतात.

१९५० मध्ये पदवी घेतल्यावर व्यावसायिक संघांनी त्यांना हातोहात उचलले असेल अशी कल्पना होईल, पण घडले ते निराळे. जवळच्या बोस्टन सेल्टिक्सचे नवे प्रशिक्षक रेड आउरबाख यांनी त्यांना नाकारून एका उंच खेळाडूची निवड केली. ज्या ट्राय-सिटीज संघाने त्यांना निवडले त्याच्याशी मोबदल्यावरून जमेना. तेथून ते ज्या शिकागो संघाकडे वर्ग झाले तो संघच मोडला. आणि त्या मोडलेल्या संघातील तिघांच्या नावांच्या चिठ्ठ्या एका टोपीत टाकून तीन संघमालकांनी एकेक उचलली. कूझींची चिठ्ठी बोस्टनला आली, तीही नको असताना. पुढे त्याच बोस्टनला त्यांनी सहा विजेतेपदे मिळवून दिली. गार्डची पारख वहीखात्यातील उंची-वजनाच्या रकान्यांवरून होत नाही, हे त्या मुलखाने कूझींच्या निमित्ताने एकदा पाहिले होते.

वूस्टरहून आणखी वीसेक मैल पूर्वेस फ्रेमिंगहॅम हे गाव आहे. सोनिया रामन वाढल्या त्या या गावात. ते कुटुंब तेथे असणे आणि त्या कुटुंबातील मुलीने बास्केटबॉल खेळणे, या दोन्ही गोष्टींच्या मुळाशी एकेक कायदा आहे. १९६५ च्या कायद्याने अमेरिकेने राष्ट्रनिहाय कोट्याची जुनी पद्धत रद्द केली आणि आशियातील सुशिक्षितांना त्या देशाचे दार उघडे झाले. २३ जून १९७२ रोजी मंजूर झालेल्या टायटल नाइन या कायद्याने, सरकारी पैसा घेणाऱ्या कोणत्याही शिक्षणसंस्थेला स्त्री-पुरुष भेद करता येणार नाही असे फर्मान निघाले, आणि शाळा-महाविद्यालयांना मुलींसाठी संघ, प्रशिक्षक, मैदानाची वेळ हे सर्व द्यावे लागले. पहिल्या कायद्याने नागपूर-मद्रासची माणसे मॅसॅच्युसेट्सला पोचली, दुसऱ्याने त्यांच्या मुली मैदानात उतरल्या. आणि हे ज्या वर्षांत घडत होते त्या वर्षांत, १९८१, १९८४ आणि १९८६ मध्ये, लॅरी बर्ड यांच्या सेल्टिक्सने विजेतेपदे जिंकून त्या सबंध प्रांताला बास्केटबॉलचे वेड लावले होते.

रामन यांनी बोस्टनलगतच्या टफ्ट्स विद्यापीठात प्रवेश घेतला आणि १९९६ मध्ये आंतरराष्ट्रीय संबंध या विषयाची पदवी संपादन केली. तेथील मुलींच्या संघात त्या गार्ड म्हणून खेळल्या. टफ्ट्स हे अमेरिकन महाविद्यालयीन क्रीडाव्यवस्थेच्या तिसऱ्या विभागातले. या विभागाचा शिरस्ता असा की खेळासाठी एक पैही शिष्यवृत्ती म्हणून द्यावयाची नाही. सकाळी तास, दुपारी ग्रंथालय, सायंकाळी सराव, शनिवार-रविवारी बसने परगावी सामना आणि परतताना त्याच बसमध्ये दुसऱ्या दिवशीच्या निबंधाची टिपणे, असा त्या खेळाडूंचा दिनक्रम असतो, आणि वर्तमानपत्रात त्यांचा उल्लेख झालाच तर तो एका ओळीचा.

त्याच चार वर्षांत, १९९२ ते १९९६, शेजारच्या कनेक्टिकट राज्याच्या विद्यापीठात जेनिफर रिझोटी नावाची पॉइंट गार्ड खेळत होती. तिच्या संघाने १९९४-९५ च्या हंगामात ३५ पैकी ३५ सामने जिंकले आणि अंतिम सामन्यात बलाढ्य टेनेसीला ७० विरुद्ध ६४ असे नमविले. सामना हातातून निसटतो की काय अशा वेळी रिझोटीने स्वतः रिबाउंड पकडून, सोबत्यांची वाट न पाहता, सबंध मैदान ड्रिबल करीत पार केले, वाटेत आडव्या आलेल्या प्रतिस्पर्धी गार्डला उजव्या हातातून डाव्या हातात चेंडू बदलून चकविले आणि बास्केट केली. त्या एका विजयाने न्यू इंग्लंडमध्ये मुलींच्या बास्केटबॉलला जी प्रतिष्ठा मिळाली ती तत्पूर्वी नव्हती. एकाच प्रदेशातील, एकाच काळातील दोन गार्ड. एकीचे नाव घराघरांत पोचले, दुसरीचे नाव तिच्या महाविद्यालयाबाहेर कोणी ऐकले नव्हते. रिझोटी यांच्याविषयी आदर बाळगूनही मला येथे दुसरीचीच गोष्ट सांगावयाची आहे, कारण आपल्याकडे खेळणाऱ्या शेकडा नव्व्याण्णव मुलींची स्थिती या दुसरीसारखी असते.

१९९६ हे वर्षही पाहण्यासारखे आहे. त्या वसंतात डब्ल्यूएनबीए स्थापन झाल्याची घोषणा झाली, त्या उन्हाळ्यात अमेरिकेच्या महिलांनी अटलांटा येथे ऑलिंपिक सुवर्णपदक जिंकले, आणि रामन त्याच वर्षी पदवीधर होऊन बाहेर पडल्या. स्त्रियांसाठी व्यावसायिक खेळाचे दार उघडले खरे, पण ते रिझोटींच्या बरोबरीच्या मूठभर खेळाडूंसाठी. तिसऱ्या विभागातील गार्डला त्यातून आत जाण्याची वाट नव्हती. येथे बहुतेक मुलींचा खेळ संपतो. चेंडू माळ्यावर जातो आणि त्याविषयी कोणाला खंतही वाटत नाही.

रामन यांनी दोन हंगाम आपल्याच टफ्ट्सच्या संघाच्या सहायक प्रशिक्षक म्हणून काम केले. नंतर बोस्टन कॉलेजच्या विधी विद्यालयातून २००१ मध्ये कायद्याची पदवी घेतली आणि मध्यवर्ती सरकारच्या कामगार खात्यात वकील म्हणून त्या रुजू झाल्या. पुढे एका वित्तसंस्थेतही त्यांनी विधिविषयक काम केले. नागपूरच्या कोणत्याही घरात येथे समाधानाचा सुस्कारा टाकला गेला असता, आणि त्यात गैर काही नाही. परंतु त्यांनी खेळ सोडला नाही. फ्रेमिंगहॅम आणि बोस्टन यांच्यामध्ये वेलस्ली हे मुलींचे नामांकित महाविद्यालय आहे; तेथे सहा वर्षे त्या सहायक प्रशिक्षक होत्या. दिवसा कचेरी, सायंकाळी मैदान. दिवसभर कायद्याची कलमे आणि फायली यांत घालविल्यावर अठरा-वीस वर्षांच्या मुलींपुढे उभे राहून बचावातील पावले कशी टाकावीत हे दाखविणे, आणि तेही दुय्यम पदावर, ज्यात विजयाचे श्रेय मुख्य प्रशिक्षकाला जाते, हे सहा वर्षे करणारीची निष्ठा कोणत्या प्रतीची असेल याचा वाचकांनीच विचार करावा. मैदानावर गार्ड जे करते तेच येथे चालले होते. चेंडू वर आणून दुसऱ्याच्या हाती द्यावयाचा.

२००८ मध्ये मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजी, म्हणजे एमआयटी, या जगद्विख्यात संस्थेच्या मुलींच्या संघाची मुख्य प्रशिक्षक म्हणून त्यांची नेमणूक झाली आणि वकिली मागे पडली. एमआयटीत खेळासाठी कोणाला प्रवेशात ढील मिळत नाही. तेथे गणित-विज्ञानाच्या कसोटीला उतरलेल्या मुलींतून संघ बांधावयाचा, आणि त्यांच्या प्रयोगशाळा, परीक्षा, प्रकल्प सांभाळून त्यांना खेळवावयाचे. एक सोय मात्र त्या संस्थेने फार पूर्वीपासून करून ठेवली आहे: सायंकाळी पाच ते सात या वेळात पदवीपूर्व विद्यार्थ्यांचे वर्ग ठेवावयाचे नाहीत, ती वेळ खेळ आणि इतर उद्योग यांसाठी राखून ठेवावयाची. रामन यांचा संघ उभा राहिला तो या दोन तासांत.

आरंभीची वर्षे पराजयाची गेली. बारा हंगामांच्या अखेरीस त्यांच्या नावावर १५२ विजय जमा झाले, एमआयटीच्या महिला बास्केटबॉलमध्ये कोणत्याही प्रशिक्षकाहून अधिक. परंतु त्यांतील मोठा भाग उत्तरार्धातला आहे. संघाने २०१८ आणि २०१९ अशी सलग दोन वर्षे आपल्या परिमंडळाचे विजेतेपद मिळवून राष्ट्रीय स्पर्धेत प्रवेश केला, तोवर त्यांच्या नेमणुकीला दहा वर्षे लोटली होती. दहा वर्षे वाट पाहणारी संस्था आणि दहा वर्षे धीर न सोडणारी प्रशिक्षक, यांपैकी अधिक दुर्मिळ कोण हे सांगणे कठीण आहे.

फ्रेमिंगहॅम, टफ्ट्स, बोस्टन कॉलेज, वेलस्ली, एमआयटी ही सारी स्थाने इतकी जवळ आहेत की नागपूरहून बुटीबोरी जेवढी दूर, साधारण तेवढ्याच टापूत त्यांची सबंध उमेदवारी पार पडली. सप्टेंबर २०२० मध्ये मेम्फिस ग्रिझलीज या पुरुषांच्या व्यावसायिक संघाने त्यांना सहायक प्रशिक्षक म्हणून पाचारण केले. एनबीएच्या प्रशिक्षकवर्गात दाखल झालेल्या त्या पहिल्या भारतीय-अमेरिकन स्त्री होत. चार हंगामांनंतर न्यूयॉर्क लिबर्टी, आणि तेथून सिॲटल. पुढचा इतिहास घडतो आहे, तो लिहिण्याची वेळ अजून आलेली नाही.

आमच्या शहरात हा खेळ नवा नाही. शिवाजीनगर जिमखान्याच्या मैदानावर नागपूरच्या कित्येक पिढ्या खेळल्या, आणि सिया देवधर हिने या शहरातून जाऊन भारताचा गणवेश अंगावर चढविला आहे. उणीव आहे ती मैदानाची वा मुलींच्या कुवतीची नव्हे. दहावीचे वर्ष आले की सराव बंद, बारावी आली की मैदानाचे नावही काढावयाचे नाही, आणि सायंकाळी पाच ते सात ही जी खेळण्याची वेळ, नेमकी तीच शिकवणीवर्गांच्या वेळापत्रकात अडकलेली, हा आपला शिरस्ता झाला आहे. जगातील सर्वांत कठीण अभ्यासक्रम चालविणारी संस्था जर ते दोन तास मोकळे ठेवू शकते, तर प्रताप नगरातील शिकवणीवर्गांना आणि नागपूरच्या महाविद्यालयांना ते अशक्य का व्हावे? रामन यांना त्यांच्या आजोळच्या शहराने एकदा रीतसर निमंत्रण धाडावे, ही माझी विनंती आहे. परंतु त्याआधी येथील संस्थाचालकांनी आणि पालकांनी पाच ते सात ही वेळ मुलींना परत द्यावी.